पॅट्रिशिया राउटलेज यांना नेमके कोणत्या कामासाठी लक्षात ठेवावे?

रंगसावली (धागाकर्ती)

३ ऑक्टोबर २०२५ रोजी पॅट्रिशिया राउटलेज यांचे इंग्लंडमधील चिचेस्टर येथे निधन झाले. त्या ९६ वर्षांच्या होत्या. त्यानंतर मी वाचलेल्या जवळजवळ प्रत्येक बातमीच्या मथळ्यात हायासिंथ बकेट हे नाव होते. बीबीसीवर १९९० ते १९९५ या काळात आलेल्या 'कीपिंग अप अपिअरन्सेस' या विनोदी मालिकेतली ही नायिका आपले आडनाव 'बुके' असेच उच्चारले जावे असा आग्रह धरते, पांढऱ्या टेलिफोनवर स्वतःच्या घराची जाहिरात करते, मेणबत्त्यांच्या उजेडातल्या जेवणावळींची निमंत्रणे देऊन शेजाऱ्यापाजाऱ्यांना धास्तावून सोडते, आणि बेफिकीर, गबाळ्या माहेरची सावली आपल्या प्रतिष्ठेवर पडू नये म्हणून अखंड धडपडत असते.

ही भूमिका मलाही अत्यंत प्रिय आहे. तरीही मनात एक प्रश्न राहतो. या बाईंनी १९५२ मध्ये लिव्हरपूल प्लेहाऊसमध्ये रंगभूमीवर पहिले पाऊल टाकले आणि २०१४ मध्ये, वयाच्या ८५ व्या वर्षी, त्या चिचेस्टरच्या रंगमंचावर ऑस्कर वाइल्डच्या नाटकात उभ्या होत्या. मधल्या काळात त्यांना संगीत नाटकासाठी अमेरिकेतला टोनी पुरस्कार (१९६८) आणि लंडनमधला ऑलिव्हिए पुरस्कार (१९८८) मिळाला. साठ वर्षांहून अधिक काळाच्या या कारकिर्दीतली पाच वर्षे उरलेल्या सगळ्या कामावर पांघरूण घालतात, हे न्याय्य आहे का? की प्रेक्षकांनीच योग्य ती निवड केली आहे?

ज्यांनी त्यांचे इतर काम पाहिले किंवा ऐकले आहे, त्यांनी सविस्तर लिहावे, अशी विनंती आहे.

सदाफुली

धाग्याबद्दल आभार. माझ्यासाठी त्या हायासिंथच आहेत आणि हायासिंथच राहतील. पाच हंगाम आणि नाताळचे विशेष भाग मिळून ४४ भाग आहेत, आणि त्यांतला कोणताही भाग कुठूनही लावला तरी पाच मिनिटांत हसू येते. एका भूमिकेने इतके दिले असताना आणखी कशासाठी लक्षात ठेवायचे, हे मला कळत नाही.

मंद्रसप्तक

सदाफुली, तुमच्या आनंदात मी पूर्ण सहभागी आहे. पण ज्या भूमिकेवर तुमचे प्रेम आहे, तिच्यातली एक गोष्ट त्यांच्या आधीच्या कामाशिवाय उलगडत नाही, म्हणून लिहिते.

हायासिंथ गाते ते आठवा. शेजारच्या एलिझाबेथचा भाऊ एमेट हा संगीतकार आहे, आणि आपल्या संगीतप्रयोगात त्याने आपल्याला भूमिका द्यावी म्हणून हायासिंथ दिसेल तिथे त्याच्यासमोर गाऊ लागते. तो बिचारा दाराआडून कानोसा घेऊनच बाहेर पडतो. ते गाणे भयंकर आहे, परंतु ते कोणत्या प्रकारे भयंकर आहे याकडे लक्ष द्या. ज्याला गाता येत नाही त्याचे गाणे कुठेही, कसेही घसरते आणि दोन ओळींत कंटाळवाणे होते. हायासिंथचे गाणे तसे नाही. तिचा श्वास पुरेसा आहे, आवाज भरदार आहे, शब्द स्वच्छ आहेत. फक्त स्वर नेमका जिथे ठेवायचा तिथून किंचित वर किंवा खाली ठेवला जातो, आणि तोही ओळीतल्या सर्वांत मानाच्या जागी. हे करायला स्वरांवर पक्की हुकमत लागते. मी स्वतः गाणे शिकवते, आणि विद्यार्थ्याला ठरवून, मोजून बेसूर व्हायला सांगितले तर ते सुरात गाण्यापेक्षा कितीतरी अवघड जाते, हे मी वर्गात पाहिले आहे.

राउटलेज या तयारीच्या गायिका होत्या. टोनी पुरस्कार मिळालेले 'डार्लिंग ऑफ द डे' हे संगीत नाटक २७ जानेवारी १९६८ रोजी ब्रॉडवेवर सुरू झाले आणि महिनाभराच्या आतच बंद पडले. संगीत ज्यूल स्टाइन यांचे, गीते यिप हारबर्ग यांची, नायक व्हिन्सेंट प्राइस; एवढे सगळे असूनही ते चालले नाही. इतक्या अल्पजीवी नाटकातल्या अभिनेत्रीला वर्षातली सर्वोत्तम म्हणून निवडले जाते (त्या वर्षी हा पुरस्कार त्यांना आणि लेस्ली अगम्स यांना विभागून मिळाला), यावरून त्यांच्या कामाचा ठसा किती खोल उमटला असेल याची कल्पना येते. सुदैवाने त्या नाटकाचे ध्वनिमुद्रण झाले होते. त्यातली त्यांची गाणी ऐकून मग हायासिंथचे गाणे ऐका.

रोखठोक_वाचक

वेगळे मत मांडतो. मालिकेविषयीच माझी तक्रार आहे. निम्न मध्यमवर्गातली एक बाई वर चढू पाहते, चांगले बोलू पाहते, घर नीटनेटके ठेवते, आणि त्याबद्दल तिला दर आठवड्याला चिखलात, कुंपणात किंवा तळ्यात पाडून हसायचे, हा विनोद मला क्रूर वाटतो. इंग्लंडमध्ये वर्ग हा विषय किती बोचरा आहे हे तिथे काही वर्षे राहिल्याने मला ठाऊक आहे. ज्यांच्याकडे पिढीजात पैसा आणि जमिनी आहेत त्यांच्या बोलण्याचालण्याला तिथे कोणी हसत नाही. त्यांची नक्कल करणारीला मात्र सगळे हसतात. राउटलेज यांच्या अभिनयकौशल्याबद्दल वाद नाही, परंतु त्यांचे सर्वोत्तम काम म्हणून मी याकडे बोट दाखवणार नाही.

न्यूजर्सीकर

अमेरिकेत ही मालिका सार्वजनिक दूरचित्रवाहिन्यांवर अनेक वर्षे पुन्हा पुन्हा दाखवली गेली, आणि आमच्या घरी ती पाहताना इंग्लंडमधल्या वर्गभेदाचा विचारही कोणाच्या मनात येत नसे. आम्ही तिच्यात आपापल्या नात्यातल्या आणि ओळखीतल्या बायका पाहत होतो. २०१६ मध्ये बीबीसीच्या व्यापारी शाखेने जाहीर केले होते की परदेशी वाहिन्यांना सर्वाधिक वेळा विकला गेलेला त्यांचा कार्यक्रम हाच आहे, आणि त्याची विक्री जवळपास हजार वेळा झाली आहे. इतक्या देशांतल्या लोकांना तिथला वर्गभेद ठाऊक असण्याची शक्यता नाही. त्यामुळे रोखठोक यांचे म्हणणे खरे मानले, तरी ते मालिकेच्या जगभरच्या यशाचे स्पष्टीकरण देत नाही.

विंगेतून

रोखठोक यांचा मुद्दा गांभीर्याने घ्यायला हवा, कारण संहितेपुरते पाहिले तर त्यात तथ्य आहे. लेखक रॉय क्लार्क यांनी हायासिंथला ज्या परिस्थितीत टाकले आहे, तिथे दुसरी एखादी अभिनेत्री तिला केवळ चेष्टेचा विषय करून बसली असती.

राउटलेज यांनी काय केले ते पाहा. हायासिंथ कधीही स्वतःला विनोदी समजत नाही. ती संपूर्ण निष्ठेने, एखाद्या सेनापतीच्या गांभीर्याने चहाचे टेबल मांडते. शिवाय एक बाब नेहमी निसटते, ती म्हणजे ती माहेरच्यांना कधी टाकत नाही. वृद्ध, भ्रमिष्ट वडील घरातून निघून गेल्याचा फोन आला की ती हातातली कितीही प्रतिष्ठेची मेजवानी बाजूला ठेवून नवऱ्याला, रिचर्डला, गाडी काढायला लावते. डेझी आणि रोझ या बहिणी आणि डेझीचा नवरा ऑन्स्लो यांची तिला लाज वाटते, तरीही ती त्यांच्या दारात जातेच. ऑन्स्लोच्या दारापुढच्या मोडक्या गाडीत झोपलेला कुत्रा दर वेळी तिच्यावर भुंकतो आणि ती दर वेळी मागे कोसळते. तिथून उठून, टोपी सरळ करून पुन्हा घरात शिरताना राउटलेज यांचा चेहरा पाहिला, तर लाज आणि माया या दोन्ही गोष्टी एकाच वेळी दिसतात. हे संहितेत लिहून देता येत नाही.

दुसरी गोष्ट आहे ती सहकलाकारांची. क्लाइव्ह स्विफ्ट यांनी रिचर्डच्या भूमिकेत जवळजवळ काहीच करायचे नाही असे ठरवल्यासारखा संयम ठेवला आहे, आणि एलिझाबेथ झालेल्या जोसेफिन ट्यूसन यांच्या हातातला कप थरथरतो तो केवळ हायासिंथच्या धाकाने. एका व्यक्तीचा दरारा दुसऱ्याच्या शरीरात दिसतो, हे नाटकाचे तंत्र आहे, आणि हे सगळे कलाकार रंगभूमीवरून आलेले होते. रोझची भूमिका पहिल्या हंगामानंतर करणाऱ्या मेरी मिलर या तर लंडनच्या 'फँटम ऑफ द ऑपेरा'च्या मूळ संचातल्या गायिका-अभिनेत्री होत्या.

सदाफुली

एलिझाबेथच्या हातातला कप! तो कप फुटण्याची वाट पाहण्यात मी जितका श्वास रोखला आहे तितका रहस्यपटातही रोखलेला नाही.

मर्सीकाठ

मी मर्सी नदीच्या अलीकडे, लिव्हरपूलमध्ये राहतो. राउटलेज यांचा जन्म नदीच्या पलीकडे, बर्कनहेडमधल्या ट्रॅन्मियर भागात १७ फेब्रुवारी १९२९ रोजी झाला. वडिलांचे पुरुषांच्या कपड्यांचे दुकान होते. दुसऱ्या महायुद्धात मर्सीच्या दोन्ही काठांवरच्या गोद्यांवर जर्मन विमानांनी जबर बाँबफेक केली, तेव्हा हे कुटुंब दुकानाच्या तळघरात झोपत असे. पुढे त्यांनी लिव्हरपूल विद्यापीठात इंग्रजी भाषा आणि साहित्याची पदवी घेतली, ब्रिस्टल ओल्ड व्हिकच्या नाट्यशाळेत शिक्षण घेतले आणि कामाला सुरुवात पुन्हा लिव्हरपूलमध्येच केली.

रोखठोक यांना मला एवढेच सांगायचे आहे की हायासिंथकडे वरून पाहणाऱ्या घरातून ही अभिनेत्री आलेली नव्हती. दुकानदाराची मुलगी, उत्तर इंग्लंडची, काउंटरपलीकडे उभे राहून गिऱ्हाइकांचे बोलणे ऐकत वाढलेली. अशा बायका तिने जवळून पाहिल्या होत्या, आणि म्हणूनच तिच्या नकलेत तुच्छता नाही.

आता ज्या कामासाठी मी त्यांना लक्षात ठेवतो, त्याविषयी. डिसेंबर १९९२ मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये निकोलस हायटनर यांनी 'कॅरूसेल' हे संगीत नाटक बसवले, आणि त्यात नेटी फाउलर ही भूमिका राउटलेज यांनी केली. दूरचित्रवाणीवर त्या वेळी हायासिंथ लोकप्रियतेच्या शिखरावर होती. 'यू विल नेव्हर वॉक अलोन' हे गाणे मूळचे याच नाटकातले, आणि नाटकात ते नेटीच्याच तोंडी आहे. नायिका पतीच्या मृतदेहापाशी बसलेली असताना ही मोठी बाई तिला धीर देते, असा तो प्रसंग आहे. जगाला हे गाणे लिव्हरपूलच्या फुटबॉल मैदानामुळे माहीत झाले; १९६३ मध्ये इथल्याच गेरी अँड द पेसमेकर्स या गटाने ते गायले आणि प्रेक्षकांनी ते उचलून धरले. आमच्या या शहरात ते हजारो गळ्यांतून, ओरडून, हात उंचावून गायले जाते. मर्सीकाठच्याच बाईने ते त्याच्या मूळ जागी, शोकात बुडालेल्या एका मुलीसाठी, कसलाही आवेश न आणता गावे, याचे मला फार मोल वाटते. त्या प्रयोगाचेही ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे.

मंद्रसप्तक

मर्सीकाठ, फार सुंदर लिहिले आहे. त्या गाण्यातला मोह असा असतो की शेवटच्या चढत्या ओळींवर गायिका आपला सगळा आवाज उधळते. ध्वनिमुद्रणात राउटलेज तिथे थांबून राहतात आणि आवाज उरवून ठेवतात. ते ऐकताना ही बाई समोरच्या मुलीकडे पाहून गात आहे, सभागृहाकडे पाहून नाही, असे जाणवते.

पिंपळपान

मला एक विचारायचे आहे. त्यांच्या संगीत नाटकांतल्या कामाबद्दल वाचताना १९७६ मधल्या '१६०० पेनसिल्व्हेनिया ॲव्हेन्यू'चा उल्लेख सतत येतो. ते तर पडलेले नाटक होते ना? मग त्याबद्दल इतक्या आदराने का बोलले जाते?

मंद्रसप्तक

पडलेले म्हणजे पुरते पडलेले. अमेरिकी स्वातंत्र्याच्या द्विशताब्दीनिमित्त लेनर्ड बर्नस्टाइन यांनी संगीत दिले आणि ॲलन जे लर्नर यांनी लेखन केले. व्हाइट हाऊसमधल्या अध्यक्षांची आणि तिथल्या सेवकवर्गाची शंभर वर्षांची कहाणी होती. ब्रॉडवेवर फक्त सात प्रयोग झाले. राउटलेज यांनी त्यात एकामागून एक सगळ्या अध्यक्षपत्नी साकारल्या होत्या. 'ड्युएट फॉर वन' या गाण्यात तर पद सोडून जाणाऱ्या ग्रँट यांची पत्नी आणि पद स्वीकारणाऱ्या हेज यांची पत्नी, अशा एकमेकींचा राग करणाऱ्या दोघीजणी एकटी राउटलेज गाते. दोन स्वभाव, दोन आवाज, दोन उच्चारपद्धती, आणि त्यांच्यामध्ये श्वास घेण्याइतकीच जागा. सभागृहाने उभे राहून दाद दिल्याचे त्या वेळी पाहणाऱ्यांनी नोंदवले आहे. नाटकाचे अधिकृत ध्वनिमुद्रण निघाले नाही, त्यामुळे हे काम बहुतांशी आठवणींतच उरले.

इथे धाग्याच्या मूळ प्रश्नाचे एक उत्तर दडलेले आहे, असे मला वाटते. दूरचित्रवाणी उरते आणि रंगभूमी विरून जाते. प्रेक्षकांनी हायासिंथची निवड केली असे म्हणण्यापेक्षा, निवड करण्यासाठी त्यांच्यासमोर दुसरे काही फारसे उरलेच नाही असे म्हणणे अधिक योग्य होईल.

रोखठोक_वाचक

मंद्रसप्तक यांच्या शेवटच्या वाक्याशी मी असहमत आहे, कारण दूरचित्रवाणीवरचेच असे काम उरलेले आहे जे हायासिंथपेक्षा मोठे आहे, आणि ते आज सहज पाहता येते. मी इंग्रज नाटककार ॲलन बेनेट यांच्या एकपात्री नाटिकांविषयी बोलतो आहे.

१९८२ मधली 'अ वुमन ऑफ नो इम्पॉर्टन्स' ही पहिली. पेगी स्कोफील्ड नावाची कचेरीत काम करणारी बाई कॅन्टीनमध्ये कोण कुठल्या टेबलाशी बसते, कोण आपल्याशी काय बोलले, याच्या तपशिलात रमून सांगत असते. मग ती आजारी पडते आणि रुग्णालयातही तशीच बोलत राहते, आणि तिला जे कळलेले नाही ते आपल्याला हळूहळू कळू लागते. पुढे १९८८ मध्ये 'टॉकिंग हेड्स' या मालिकेत 'अ लेडी ऑफ लेटर्स' आले. आयरीन रडॉक ही एकटी राहणारी बाई खिडकीच्या पडद्याआडून रस्ता न्याहाळते आणि सगळ्यांना तक्रारीची पत्रे लिहिते. समोरच्या घरातले तरुण जोडपे आपल्या मुलाची हेळसांड करते, असा ती निष्कर्ष काढते. ते मूल वास्तविक रुग्णालयात असते आणि तिथेच दगावते.

हे कळण्याचा जो क्षण आहे, तिथे राउटलेज जवळजवळ काहीच करत नाहीत. कॅमेरा समोर स्थिर आहे, दुसरे पात्र नाही, संगीताचा आधार नाही. बोलता बोलता एक वाक्य मध्येच अडते, आणि मग ती बाई पुन्हा आपल्या नेहमीच्या सुरात शिरते. तिला अपराध जाणवला की नाही, याबद्दल प्रेक्षक शेवटपर्यंत अस्वस्थ राहतो. शेवटी ती तुरुंगात जाते आणि तिथे, आयुष्यात प्रथमच, माणसांच्या सहवासात फुलते. त्या भागात राउटलेज यांचा आवाजसुद्धा तरुण होतो.

मला हेच म्हणायचे होते. हायासिंथ ही खिडकीतून डोकावणारी बाई आहे आणि आयरीनही तीच आहे. पण हायासिंथच्या एकटेपणाकडे मालिका कधी पाहत नाही, बेनेट पाहतात.

विंगेतून

रोखठोक, आता आपण एकाच बाजूला येऊ लागलो आहोत. मला मात्र या दोन कामांत विरोध दिसत नाही. कालक्रम पाहा. १९८२ मध्ये पेगी. १९८५-८६ मध्ये विनोदी कलावंत व्हिक्टोरिया वुड यांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात किटी. खुर्चीत ताठ बसून जगातल्या प्रत्येक गोष्टीवर ठाम मत देणारी, चीडल गावची प्रौढ अविवाहिता. १९८८ मध्ये आयरीन. आणि १९९० मध्ये हायासिंथ. उत्तर इंग्लंडच्या, मर्यादशील, बोलघेवड्या, आतून घाबरलेल्या बायकांचा अभ्यास आठ वर्षे चालला होता, आणि हायासिंथ ही त्या अभ्यासातून आली. किटीची लय आणि आयरीनचा हट्ट तिच्यात सरळ दिसतो.

आपल्याकडच्या वाचकांना एकपात्री म्हटले की 'बटाट्याची चाळ' आठवणे स्वाभाविक आहे. तिथे पुलं एकटे उभे राहून अख्खी चाळ वसवतात, आणि प्रेक्षकांना थेट विश्वासात घेतात. बेनेट यांच्या नाटिकांची रीत उलटी आहे. तिथे एकच व्यक्ती आहे, ती इतरांबद्दल बोलते आणि नकळत स्वतःला उघडी पाडते. अभिनेत्रीला दोन पातळ्यांवर चालावे लागते : पात्राला जे ठाऊक आहे तेवढेच तिने बोलायचे, आणि पात्राला जे ठाऊक नाही ते प्रेक्षकापर्यंत पोचवायचे. राउटलेज यांनी यातल्या दोन नाटिका १९९२ मध्ये लंडनच्या कॉमेडी थिएटरमध्ये रंगमंचावरही केल्या, तिथे स्वतः बेनेटही एक नाटिका सादर करत होते. कॅमेऱ्याची जवळीक नसताना पापणीइतके बारीक काम शेवटच्या रांगेपर्यंत कसे नेले असेल, याची उत्सुकता मला अजूनही आहे.

न्यूजर्सीकर

थोडे वेगळे विचारते. मालिका इतकी लोकप्रिय असताना ती १९९५ मध्ये थांबली कशी? आमच्याकडच्या मालिका रडतखडत चालू राहतात.

विंगेतून

थांबण्याचा निर्णय त्यांचा स्वतःचा होता. विनोदी अभिनेते रॉनी बार्कर यांचे उदाहरण त्या देत असत. लोक 'हे अजून चालू आहे का?' असे विचारू लागण्याआधी, 'आणखी का करत नाही?' असे विचारत असतानाच बाहेर पडावे, हा त्यांचा विचार होता. लेखक नवे प्रसंग घडवण्याऐवजी जुनेच घोटू लागले आहेत, असेही त्यांना वाटू लागले होते. पैसा आणि प्रसिद्धी दोन्ही हातात असताना ६६ व्या वर्षी असे म्हणायला धैर्य लागते.

त्यानंतर लगेच 'हेटी वेनथ्रॉप इन्व्हेस्टिगेट्स' (१९९६ ते १९९८) आली. लँकेशरमधली साठीची गृहिणी खाजगी गुप्तहेर होते आणि नवरा व एक किशोरवयीन मुलगा यांच्या मदतीने गुन्ह्यांचा छडा लावते. तो मुलगा म्हणजे डॉमिनिक मोनाहन, जो पुढे 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधला हॉबिट म्हणून जगाला माहीत झाला.

सदाफुली

हेटी मला माहीतच नव्हती! हायासिंथनंतर लगेच एक शहाणी, समंजस, काटकसरी बाई त्यांनी केली, हे वाचूनच आनंद झाला. आजच शोधते.

पिंपळपान

विंगेतून, आपण त्यांच्या शेक्सपिअरविषयी काहीच लिहिले नाही. त्यांनी तसे काम केलेच नव्हते का?

विंगेतून

केले होते, आणि चांगले भरीव केले होते. रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या १९८४ च्या हंगामात अँटनी शेर यांनी कुबड्यांवर वावरणारा तिसरा रिचर्ड उभा केला, तो प्रयोग नाट्येतिहासात गणला जातो. त्यात शापवाणी उच्चारणारी राणी मार्गारेट राउटलेज होत्या. त्याच हंगामात तरुण केनेथ ब्रॅनाच्या 'पाचव्या हेन्री'मध्ये त्या मिस्ट्रेस क्विकली होत्या. फॉल्स्टाफ या लठ्ठ, रंगेल सरदाराच्या मृत्यूचे ते छोटेसे, हसू आणि रडू एकत्र आणणारे निवेदन क्विकलीच्याच वाट्याचे आहे. पेगी आणि आयरीन यांच्यामधल्या काळात त्यांनी हे निवेदन करावे, हे मला अतिशय सुसंगत वाटते, कारण तीही एक साधी बाई आहे आणि आपण किती मोठे काही सांगतो आहोत हे तिला माहीत नाही.

त्याआधी, १९८२ मध्ये, मायकल फ्रेन यांच्या 'नॉइजेस ऑफ'च्या पहिल्या संचात त्या होत्या. नाटकातल्या नाटकात मोलकरणीची भूमिका करणारी, सार्डिनची बशी नेमकी कुठे ठेवायची हे विसरणारी डॉटी ओटली ही अभिनेत्री प्रथम त्यांनी साकारली. दारे, बश्या आणि टेलिफोन यांचे ते काटेकोर गणित ज्यांनी रोज रात्री सांभाळले, त्यांना हायासिंथचे कुंपणात पडणे सेकंदावर मोजून करता आले, यात नवल नाही.

मंद्रसप्तक

आणखी एक काम राहून गेले. २००९ पासून 'ॲडमिशन : वन शिलिंग' या कार्यक्रमात त्या पियानोवादक डेम मायरा हेस यांच्या शब्दांत बोलत आणि पियर्स लेन पियानो वाजवत. युद्धकाळात लंडनच्या नॅशनल गॅलरीतली चित्रे सुरक्षित ठिकाणी हलवल्यावर रिकाम्या दालनांत हेस यांनी ऑक्टोबर १९३९ पासून दुपारच्या मैफली भरवल्या. प्रवेशमूल्य एक शिलिंग होते, आणि १९४६ पर्यंत अशा १,६९८ मैफली झाल्या. तळघरात बाँबफेकीचे आवाज ऐकत झोपलेल्या मुलीने ऐंशीव्या वर्षी ही गोष्ट सांगायला घ्यावी, आणि स्वतः न गाता शेजारच्या वादकाला संगीत सोपवून नुसते बोलावे, हा निर्णयच मला मोठ्या कलावंताचा वाटतो.

मर्सीकाठ

त्यांना २०१७ च्या नववर्ष सन्मानयादीत डेम हा किताब मिळाला, म्हणजे वयाच्या ८७ व्या वर्षी. बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट-दूरचित्रवाणी पुरस्कारासाठी आयरीनकरिता आणि हायासिंथकरिता नामांकने झाली, पुरस्कार मात्र मिळाला नाही. प्रेक्षकांनी १९९६ मध्येच बीबीसीची सर्वांत लाडकी अभिनेत्री म्हणून त्यांना मत दिले होते.

रंगसावली (धागाकर्ती)

सर्वांचे मनापासून आभार. विंगेतून यांनी मांडलेला पेगी-किटी-आयरीन-हायासिंथ हा क्रम माझ्यासाठी या चर्चेतला सर्वांत मोलाचा भाग आहे. त्यामुळे माझा प्रश्न बदलला आहे. हायासिंथमुळे इतर काम झाकले गेले, ही माझी तक्रार कायम आहे, विशेषतः संगीत नाटकांच्या बाबतीत. ऑलिव्हिए मिळवून देणारी 'कँडीड'मधली म्हातारी (१९८८, ओल्ड व्हिक) आज किती जणांना माहीत आहे? मात्र हायासिंथ हे हलके काम होते आणि बाकीचे भारी, अशी जी विभागणी मृत्युलेखांत दिसते ती मला आता मान्य नाही. ज्या अभिनेत्रीने आयरीनचा तो अडलेला क्षण सांभाळला, तिनेच तो कुत्रा भुंकल्यावरचा तोलही सांभाळला.

रोखठोक_वाचक

विभागणीबद्दल सहमत. संहितेबद्दलचे माझे मत तसेच आहे. हायासिंथला वाचवले ते राउटलेज यांनी, क्लार्क यांनी नव्हे. २०१६ मध्ये त्याच लेखकाने 'यंग हायासिंथ' हा तरुणपणीच्या हायासिंथवरचा एक भाग लिहिला, तो दुसऱ्या अभिनेत्रीसह पाहा आणि स्वतः ठरवा.

पिंपळपान, तुम्ही नव्याने पाहायला सुरुवात करत असाल तर 'अ लेडी ऑफ लेटर्स' आधी पाहा. अर्ध्या तासाची आहे. त्यानंतर १९९८ मधली 'मिस फोझार्ड फाइंड्स हर फीट' पाहा. पक्षाघात झालेल्या भावाची सेवा करणारी, दुकानातल्या पडदे-गाद्यांच्या विभागात काम करणारी बाई आणि तिच्या पायांची निगा राखणारा एक विचित्र गृहस्थ, अशी ती कथा आहे.

पिंपळपान

'अ लेडी ऑफ लेटर्स' पाहिली. त्या अडलेल्या वाक्याबद्दल रोखठोक यांनी लिहिले आहे ते तंतोतंत खरे आहे, पण मला तिला अपराध जाणवला असेच वाटले. त्यानंतर तिचे हात क्षणभर स्थिर होतात. कोणी पुन्हा पाहून सांगेल का?